गव्हावर गहू

दिवाळीला पंधरा दिवस उरले असताना आईचा उजवा हात मनगटात मोडला आणि सहा आठवड्यांचे प्लास्टर बसले. मी पुण्यातल्या कचेरीची परवानगी घेतली आणि लॅपटॉप उचलून साताऱ्याला घरी राहायला आलो. स्वयंपाक मला येतो, धुणेभांडी येतात, त्यामुळे कशाची धास्ती नव्हती. बुधवारी सकाळी आईने पिठाचा रिकामा डबा दाखवला आणि डाव्या हाताने बोटे मोडत दळणाच्या सूचना दिल्या. "गहू गव्हावरच टाकायला सांग. बारीक दळायला सांग. पीठ गार झाल्याशिवाय झाकण लावू देऊ नकोस." तिन्ही सूचना मी जशाच्या तशा पाळल्या, आणि तरीही पुढचे पाच दिवस आमच्या पेठेतल्या पाच घरांमध्ये जे घडले ते घडलेच. ते नीट लिहून ठेवावे असे मला मनापासून वाटते, कारण दळण आणण्यासारख्या कामात नेमके काय काय सांभाळावे लागते हे मला त्या पाच दिवसांत कळले.

जे वाचक पिशवीतले तयार पीठ आणतात त्यांच्यासाठी पहिल्या सूचनेचा अर्थ सांगतो. गिरणीत दोन दगड असतात, एक स्थिर आणि एक फिरता. वरून धान्य पडते, दगडांमध्ये भरडले जाते आणि कापडी नळीतून पीठ खालच्या डब्यात उतरते. एका घराचे दळण संपले तरी त्याचे थोडे पीठ दगडांच्या खाचांमध्ये आणि नळीत अडकून राहते, आणि ते पुढच्याच्या डब्यात जाते. ज्वारीच्या मागोमाग गहू टाकला तर पोळी ताणताना फाटते, कारण पोळीच्या कणकेला चिवटपणा देणारे ग्लुटेन ज्वारीत नसते. हरभऱ्याच्या डाळीमागून टाकला तर पोळीला डाळीचा वास येतो. म्हणून गव्हाचे दळण गव्हावरच पडले पाहिजे. चांगला गिरणीवाला सकाळपासून त्याच हिशेबाने डब्यांची रांग लावतो: आधी सगळे गहू, मग ज्वारी-बाजरी, मग डाळी आणि भाजण्या. उपासाची पिठे तो वेगळ्या दिवशी दळतो, आणि मिरची कुटायचा डंक तर वेगळ्या खोलीतच असतो.

आमच्या घरी लोकवन गहू लागतो. हे नाव मी लहानपणापासून ऐकत आलो, पण ते 'लोक-१' चे रूप आहे हे मला फार उशिरा कळले. गुजरातमध्ये भावनगर जिल्ह्यात सणोसरा नावाचे गाव आहे, तिथल्या लोकभारती संस्थेत हे वाण निघाले आणि संस्थेच्या नावावरून त्याला 'लोक-१' म्हणू लागले. एकचे 'वन' झाले आणि आपल्या वाण्यांच्या पाट्यांवर तो 'लोकवन' होऊन बसला. आई सहा किलो लोकवनात एक मूठ सोयाबीन आणि एक सपाट मूठ मेथ्या टाकते. मेथ्यांनी पोळीला अगदी पुसट कडवटपणा येतो. ज्याला सवय आहे त्याला तो कळतही नाही, आणि ज्याला नाही त्याला लगेच कळतो. ही मेथ्यांची मूठ पुढे फार कामाला आली.

डबा आईच्या लग्नातला आहे. जाड स्टीलचा, कडी असलेला, आणि पोटावर टिंबाटिंबांनी कोरलेली अक्षरे: 'चि. सौ. कां. हिस मामाकडून सप्रेम भेट, १९७९'. आपल्याकडे लग्नात मामाने भांडी द्यायची आणि भांड्यांवर नाव घालायचे, ही पद्धत अजून टिकून आहे. त्यात एक गोष्ट मात्र कोणाच्याच लक्षात येत नाही, आणि माझ्याही तोवर आली नव्हती. भांड्यावर देणाऱ्याचे नाते असते, तारीख असते, पण ते भांडे आता कोणाच्या घरात आहे हे त्यावर कुठेच लिहिलेले नसते.

गिरणीत मी डबा ठेवला. गिरणीवाल्या काकांनी झाकणावर खडूने आमच्या आडनावाचे पहिले अक्षर लिहिले आणि पुढे 'ग बा' लिहिले, म्हणजे गहू, बारीक. दुपारी चारला यायला सांगितले. त्या दिवशी रांगेत अकरा डबे होते. दिवाळी जवळ आल्यामुळे पोळ्यांच्या पिठांच्या जोडीला चकलीची भाजणी होती आणि लाडवांसाठी जाडसर दळायची हरभऱ्याची डाळही होती.

पुढे जे झाले ते मी काकांकडून आणि त्यांच्या हाताखालच्या मुलाकडून दोनदा विचारून घेतले आहे. तीनच्या सुमारास अनारशांच्या तांदळाचा एक डबा आला. अनारशांचे तांदूळ तीन दिवस भिजवून, कापडावर पसरून, अंगचे पाणी सुकल्यावर पण आतला ओलावा राखून दळायचे असतात. हे तांदूळ जास्तच ओले होते. काकांनी आधी नाही म्हटले, पण ज्या बाई तांदूळ घेऊन आल्या त्यांच्या मुलाला संध्याकाळच्या गाडीने परत जायचे होते आणि अनारसे त्याच्यासाठी होते. काकांचे मन विरघळले. तांदूळ वरून पडले, दगडांत गेले आणि तिथे त्यांचा लगदा झाला. पट्टा घसरू लागला आणि मोटार कण्हू लागली. काकांनी खटका बंद केला, वरचा दगड उचलायला काढला, आणि जागा व्हावी म्हणून मुलाला सगळे डबे बाहेरच्या कट्ट्यावर नेऊन ठेवायला सांगितले.

त्यातल्या पाच डब्यांमधले दळण झालेले होते. दगडांतून येणारे पीठ चांगलेच गरम असते. लगेच झाकण लावले तर आतून घाम सुटतो, पिठाच्या गुठळ्या होतात आणि चार दिवसांत वास येतो. म्हणून पाचही डबे उघडे होते आणि पाच झाकणे बाजूला एकावर एक रचलेली होती. नेमकी त्या वेळी परतीच्या पावसाची सर आली. मुलगा धावला आणि हाताला येईल ते झाकण समोर दिसेल त्या डब्यावर बसवत गेला. सगळे डबे एकाच मापाचे होते, त्यामुळे प्रत्येक झाकण प्रत्येक डब्यावर घट्ट बसले. त्या मुलाने पाच घरांचे पीठ पावसापासून वाचवले, आणि हे मी त्याच्या बाजूने आवर्जून सांगतो, कारण नंतर त्याला बरेच बोलणे खावे लागले. नावे झाकणांवर होती आणि डबे निनावी होते, त्याला तो काय करणार?

चारला मी गेलो. झाकणावर आमचे अक्षर होते. डब्याच्या पोटावर 'मामाकडून' दिसले. मी पैसे दिले आणि डबा घरी आणला.

गुरुवारी सकाळी मी कणीक मळायला घेतली. पीठ पाणी पीत होते पण गोळा होत नव्हते. तेलाचा हात लावला, झाकून वीस मिनिटे ठेवले, पुन्हा मळले. लाटायला घेतल्यावर कडा भेगाळत होत्या आणि पोळी उचलली की तिचे तीन भाग होत होते. मी पीठ जास्त बारीक झाले असेल असे समजून पोळी जाड ठेवली आणि तव्यावर टाकली. घरभर वास सुटला. बाहेरच्या खोलीतून आईचा आवाज आला, "अरे, चकल्या कुणाकडे तळतायत?"

मी म्हटले, "कुणाकडे नाही. मी पोळ्या करतोय."

ती प्लास्टरचा हात छातीशी धरून आत आली. तव्याकडे तिने पाहिलेसुद्धा नाही. सरळ डबा उघडला, चिमूटभर पीठ अंगठा आणि तर्जनीमध्ये चोळले, जिभेवर ठेवले आणि डोळे मिटले. मग म्हणाली, "तांदूळ, हरभऱ्याची डाळ, मूग, थोडा उडीद. धने आहेत, जिरं आहे, मूठभर पोहेपण आहेत. ही भाजणी आहे. आणि जिनं केली तिनं हरभऱ्याची डाळ जरा कमी भाजली आहे." एवढे बोलून ती खाली वाकली, डब्याचे पोट चष्म्याजवळ आणून वाचले आणि सरळ झाली. "हे १९८६ आहे. ही तारीख माझ्या लग्नाची नाही."

तिला आमच्या पोळ्यांची चिंता नव्हती. तिची चिंता वेगळी होती आणि ती मला शंभर टक्के पटली. आपल्याकडे भाजणी आली, म्हणजे या क्षणी कोणीतरी बाई गव्हाच्या पिठात मोहन घालून चकल्या करायला बसली असणार. "तिचं तेल वाया जाईल, तिचा दिवस वाया जाईल, आणि तिला कळणारसुद्धा नाही काय चुकलंय. आत्ताच्या आत्ता गिरणीत जा."

गुरुवारी गिरणीची सुट्टी असते. दारावरच्या पाटीवर काकांचा नंबर होता, पण काका गावाकडे गेले होते आणि फोन लागत नव्हता. तेव्हा आईने स्वतः शोध हाती घेतला. तिच्याजवळ एकच धागा होता: १९८६ साली लग्न झालेली आणि मामाने डबा दिलेली बाई. ती फोन घेऊन बसली आणि पेठेतल्या ओळखीच्या घरांना एकामागून एक फोन करू लागली. प्रत्येक फोन एकाच प्रश्नाने सुरू होई. "अगं, तुझं लग्न कितीचं?" सकाळी साडेनऊला अचानक हा प्रश्न आल्यावर समोरच्या बायका आधी गप्प होत, मग घाबरत, आणि मग सविस्तर बोलत. तासाभरात १९८६ ची तीन लग्ने सापडली. एकीला मामाच नव्हता. दुसरीचा मामा मानपानावरून रुसून लग्नाला आलाच नव्हता, आणि ती हकीकत, आजवर कोणी न विचारल्यामुळे, तिने आईला चाळीस मिनिटे सांगितली. आईने फोन मधेच ठेवला नाही. चकल्यांची घाई असतानाही ठेवला नाही, आणि शेवटी म्हणाली, "त्यानं यायला हवं होतं गं."

तिसरीच्या घरी कोणी फोन उचलेना. मी तिकडे निघालो.

दाराबाहेरूनच धापा ऐकू येत होत्या. स्वयंपाकघरात पितळी सोऱ्या जमिनीवर पाटावर उभा होता. वहिनींनी तो दोन्ही हातांनी धरला होता, आणि त्यांचे यजमान व कॉलेजात जाणारा मुलगा दांड्याची दोन टोके धरून सोऱ्या पिळत होते. कोणी फोन उचलणार कसा? गव्हाची कणीक घट्ट आणि चिवट होती. ती चकतीच्या चांदणीतून बाहेर यायला तयार नव्हती, आणि आली की तिला काटा नव्हता, नुसती गुळगुळीत दोरी निघत होती. चकलीला काटा नसेल तर ती चकली नव्हे, हे त्या घरातल्या तिघांनाही माहीत होते, म्हणून तिघेही अतिशय गंभीर होते. तीन घाणे झाले होते. परातीत तांबूस, वातड कडी पडली होती. पहिल्या घाण्यानंतर वहिनींना वाटले मोहन कमी पडले, म्हणून त्यांनी मोहन वाढवले. दुसऱ्यानंतर वाटले तेल जुने आहे, म्हणून कढई रिकामी करून नवे तेल ओतले. तिसऱ्यानंतर त्यांना आपल्या हातालाच काहीतरी झाले आहे असे वाटू लागले होते, आणि हे सांगताना त्यांच्या डोळ्यांत पाणी होते. एकोणचाळीस दिवाळ्या या बाईची चकली बिघडली नव्हती. मी डबा समोर ठेवला आणि झाकण उघडले. त्यांनी वास घेतला, आणि काही न बोलता त्या पाटावर बसल्या.

मला वाटले होते की त्यांच्याकडचे गव्हाचे पीठ म्हणजे आमचे पीठ, अदलाबदल केली की विषय संपला. मी तो डबा उचलून घरी नेला. आईने चिमूट जिभेवर ठेवली आणि मान हलवली. "गहू आहे, लोकवनच आहे, पण मेथ्या नाहीत. हे आपलं नाही." डब्याच्या पोटावर 'मामाकडून' होतेच, वर्ष २०१४. म्हणजे अजून एक घर होते, आणि त्या घरात आमच्या मेथ्या गेल्या होत्या.

मला काही तासांपूर्वी हे पटले नसते, पण तेव्हा मात्र पटले: पीठ हे पीठ नसते, ते कोणाचे तरी असते. दोन घरांचा गहू एकाच दुकानातून, एकाच पोत्यातून आला तरी तो निवडणाऱ्या बाईने त्यात काय टाकले आणि किती टाकले यावरून त्या घराची पोळी ठरते. ते पीठ ठेवून घेणे आईला शक्यच नव्हते. वजन सारखे भरले असते तरीही नव्हते.

शुक्रवारी गिरणी उघडली. काकांनी सगळे ऐकून घेतले, टोपी काढून हातात धरली आणि त्या दिवशीच्या सगळ्या अकरा घरांची यादी आठवून आठवून सांगितली. अनारशांसह सहा डबे पावसानंतर, झाकणाची अदलाबदल न होता गेले होते. राहिले पाच. आमचा, चकलीच्या वहिनींचा, २०१४ चा अजून न सापडलेला, आणि शिवाय दोन, ज्यांच्या मालकांनी अजून काहीच तक्रार केली नव्हती. तक्रार नाही याचीच काकांना जास्त काळजी वाटली.

पहिला तक्रार न करणारा आमच्याच गल्लीत निघाला. बँकेतून निवृत्त झालेले हे गृहस्थ मुलीच्या बाळंतपणासाठी पत्नी नागपूरला गेल्यामुळे एकटे होते, आणि त्यांनी यंदा बेसनाचे लाडू स्वतः करून नागपूरला पाठवायचे ठरवले होते. मी गेलो तेव्हा ते गॅसजवळ स्टूल घेऊन बसले होते. कढईत अर्धा किलो साजूक तूप आणि एक किलो पांढरे पीठ होते. ते सव्वा तास मंद आचेवर भाजत होते. शेजारी कागदावर त्यांनी पत्नीने फोनवर सांगितलेल्या सूचना सुवाच्य अक्षरात लिहून घेतल्या होत्या: 'रंग बदलेपर्यंत भाजणे. खमंग वास सुटला पाहिजे. घाई करू नये.' ते मला म्हणाले, "अजून पिवळं व्हायला लागलेलं नाही. पण ती म्हणाली होती घाई करू नका."

त्यांच्या विचारात कुठेही चूक नव्हती. रंग बदलणार म्हणजे पीठ आधी वेगळ्या रंगाचे असणार. बेसन पिवळे असते, म्हणजे ते भाजल्यावर पिवळे होत असणार. ते लाडूच खात आले होते, डाळीचे कच्चे पीठ त्यांनी कधी पाहिले नव्हते. मी चिमूटभर पीठ थेट डब्यातून जिभेवर ठेवले. ती ज्वारी होती, गोडसर आणि स्वच्छ, बहुधा मालदांडी. मी गॅस बंद केला आणि त्यांना खाली बसून सगळे समजावले. त्यांनी शांतपणे ऐकले आणि एकच प्रश्न विचारला, "मग माझी डाळ कुठं आहे?"

त्यांची डाळ चार विद्यार्थ्यांच्या खोलीत होती. मुले सोलापूर भागातली, भाकरीशिवाय न जेवणारी. घरून आलेली ज्वारी त्यांनी दळायला दिली होती. डबा उघडल्यावर जाडसर पिवळे पीठ निघाले, तेव्हा त्यांनी फार विचार केला नाही. त्यांनी तीन दिवस दोन्ही वेळा पिठले केले. तीन किलोंपैकी पावणेदोन किलो संपले होते. जाडसर पिठाचे पिठले जरा रवाळ होते, पण मुलांनी ते मनापासून खाल्ले होते, आणि डबा परत द्यायचा म्हटल्यावर त्यांचे चेहरे उतरले.

राहिले २०१४. ते घर शोधावे लागले नाही. रविवारी संध्याकाळी काकांनी सर्वांना गिरणीत बोलावले होते. निरोप पेठेत फिरला आणि ठरलेल्या वेळी एक सासू आणि सून आमच्या आधी येऊन उभ्या होत्या. दोघी एकमेकींशी बोलत नव्हत्या.

गिरणीची मोटार बंद होती. दगडांना छिन्नीने नवी टाकी लावून झाली होती आणि जमीन झाडलेली होती. पाच डबे एका ओळीत ठेवले होते, झाकणे काढून. काका वजनकाट्याशी बसले. आईला खुर्ची दिली. आईने पहिला, दुसरा, तिसरा डबा पाहिला आणि पुढे सरकली. सासू-सुनेच्या डब्याशी आल्यावर तिने चिमूट चोळली, जिभेवर ठेवली, आणि नेहमीपेक्षा जास्त वेळ थांबली. मेथीचा कडवटपणा लगेच येत नाही. तो मागाहून, जिभेच्या मुळाशी येतो. सगळे जण तिच्या तोंडाकडे पाहत उभे होते. मग ती म्हणाली, "मेथ्या. हे माझं आहे."

सुनेने दोन्ही हात तोंडावर ठेवले. बुधवार रात्रीपासून त्या घरात पोळ्या कडू लागत होत्या. सासूबाईंचे म्हणणे होते की सून तवा नीट घासत नाही. सुनेने तवा चिंच लावून घासला, मग राखेने घासला, मग नवा तवा आणला. सासूबाईंनी मग तेलावर बोट ठेवले, मग पाण्यावर, आणि शेवटी शनिवारी दुपारी सुनेच्या माहेरच्या वळणावर. त्यानंतर बोलणे बंद होते. आता सासूबाई पुढे आल्या, स्वतः चिमूटभर पीठ तोंडात टाकले आणि बराच वेळ उभ्या राहिल्या. मग त्यांनी सुनेच्या खांद्यावरून पदर सरळ केला आणि म्हणाल्या, "तवा उगाच आणलास गं." मी त्या दोघींच्या अगदी शेजारी उभा होतो. यापेक्षा मोठी माफी मी कोणाला मागताना पाहिलेली नाही.

मग हिशेब. काकांनी प्रत्येक डबा वजन केला आणि किती पीठ खर्ची पडले ते वहीत मांडले. आमचे दीड किलो मेथीचे पीठ सासू-सुनेकडे संपले होते, त्यांचे एक किलो चकलीच्या वहिनींकडे कढईत गेले होते, आणि वहिनींची अर्धा किलो भाजणी आमच्या तव्यावर. काकांनी आपल्याकडचे गहू सासू-सुनेसाठी दळून देऊ केले, पण सासूबाईंनी ते घेतले नाही. त्या म्हणाल्या, आपण यांच्या मेथ्या खाल्ल्या आहेत, फिटंफाट झाली. वहिनींना आईने अर्धा किलो भाजणी स्वतः देखरेख करून माझ्याकडून भाजून घेऊन देण्याचा शब्द दिला. त्यांनी आईला विचारले की त्यांची भाजणी चाखून काय वाटले. आईने खोटे सांगितले नाही. "हरभऱ्याची डाळ अजून दोन मिनिटं भाज," ती म्हणाली, आणि वहिनींनी मान डोलावली, त्यांनाही तसे वाटतच होते.

सर्वांत अवघड हिशेब बँकेतल्या काकांचा आणि मुलांचा होता. मुलांची एक किलो ज्वारी तुपात होती, आणि काकांची पावणेदोन किलो डाळ मुलांच्या पोटात. काकांनी हिशेबाची माणसे करतात तसा तो कागदावर मांडला, आणि त्यांच्या लक्षात आले की मुलांना ज्वारी परत करणे अशक्य आहे, कारण तिच्यात अर्धा किलो तूप मुरलेले आहे. त्यावर मुलांपैकी एकाने विचारले की त्याच पिठात गूळ घालून लाडू वळता येतील का. त्याच्या आजीकडे ज्वारीचे लाडू करतात. काकांनी रात्रीच ते वळले. चाळीस लाडू झाले. वीस मुलांकडे गेले, वीस नागपूरला. नागपूरहून फोन आला की बेसनाचे लाडू कधी पाठवणार. तेही त्यांनी नंतर केले, उरलेल्या सव्वा किलो डाळीचे, आणि या वेळी आई कढईशेजारी खुर्ची टाकून बसली होती.

काकांनी गिरणीत एक बदल लगेच केला. ते आता खडूने झाकणावर लिहीत नाहीत. डब्याच्या पोटावर कागदी पट्टी चिकटवतात, तिच्यावर नाव, धान्य आणि जाड की बारीक हे पेनाने लिहितात, आणि दळण झाल्यावर झाकण त्याच डब्याच्या कडीत अडकवून ठेवतात. ओले तांदूळ ते अजूनही घेतात, पण सगळ्यांत शेवटी.

प्लास्टर निघाल्यावर आई पहिल्यांदा घराबाहेर पडली ती भांड्यांच्या दुकानात, डब्यावर नाव घालून घ्यायला. नाव घालणाऱ्याने खिळा आणि हातोडी काढली, १९७९ च्या खाली बोटाने जागा दाखवली आणि काय घालू म्हणून विचारले. आईने आडनाव सांगितले. अक्षरामागे पैसे असतात, तरी ती जरा थांबली आणि म्हणाली, "त्याच्याखाली 'गहू' घाला. आणि पुढं 'गव्हावर'."

गेल्या आठवड्यात ज्वारी दळायची होती आणि दुसरा मोठा डबा घरात नव्हता. मी हाच डबा उचलला. आईने तो माझ्या हातातून काढून परत फळीवर ठेवला, पिशवी आणि पैसे माझ्या हातात दिले, आणि ज्वारीसाठी नवा डबा आणायला मला बाजारात पाठवले.